नाव आईचं, नोकरी कुणाची?

या आठवड्याचं पत्र मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावाहून आलंय. नाव छापू नका म्हणाली आहे, खाली सही म्हणून फक्त 'एक लेक' असं लिहिलंय. पत्र थोडं आखडून देतो.

"काका, माझे वडील पाटबंधारे खात्यात कालवा निरीक्षक होते. जानेवारी 2022 मध्ये रब्बीची पाणीपाळी चालू होती. रात्री कालव्यावरून आले, छातीत कळ येतेय म्हणाले आणि दवाखान्यात पोचायच्या आत गेले. मी तेव्हा बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला, भाऊ नववीत. वर्षश्राद्धाच्या आत आईने अनुकंपाचा, म्हणजे नोकरीत असताना गेलेल्या कर्मचाऱ्याच्या घरातल्या एकाला नोकरी देतात त्याचा, अर्ज दिला. ती नववी शिकलेली, म्हणून तिचं नाव गट-ड च्या, म्हणजे शिपाई वगैरे पदांच्या, प्रतीक्षायादीत लागलं. अजून नंबर आलेला नाही. आता चार महिन्यांनी आईला 45 पूर्ण होतात. कार्यालयातले साहेब म्हणतात, 45 झाले की नाव कमी होतं आणि नावात बदल करता येत नाही, विषय संपला.

माझं 2023 मध्ये लग्न झालं. सासर याच तालुक्यात. टायपिंग, एमएस-सीआयटी दोन्ही झालंय. भावाला 18 पूर्ण होऊन सात महिने झाले, त्याने आयटीआय केलाय. आईचं म्हणणं, 'तू कर, तुला कागद कळतात.' चुलते म्हणतात, लग्न झालेली मुलगी सासरची, तिचा बापाच्या नोकरीवर हक्क नाही. उलट त्यांनीच सुचवलं की वहिनींनी माझ्या थोरल्याला दत्तक घ्यावं, म्हणजे नोकरी 'घरातच' राहील. तो 23 वर्षांचा आहे. सासूबाई वरून काही बोलत नाहीत, पण पगार कुठल्या घरात येणार हे दोनदा विचारून झालंय. मी काय करू?"

पोरी,

तुझं पत्र वाचताना मला माझं टेबल आठवलं. मी महसूल खात्यात आस्थापना शाखेला बरीच वर्षं काढली, अव्वल कारकून म्हणून बाहेर पडलो. अनुकंपाच्या फायली माझ्याकडे असायच्या. पातळ असतात त्या, आठ-दहा कागदांच्या. पण त्यांच्यावर जितकी माणसं येऊन रडली तितकी दुसऱ्या कुठल्या फायलीवर रडली नाहीत. म्हणून आधी धीराचं बोलतो आणि मग हिशेबाचं.

धीराचं असं, की विषय संपलेला नाही. त्या साहेबांनी तुला अर्धं खरं सांगितलं. 45 वर्षांची मर्यादा आहे, हे बरोबर. पूर्वी ती 40 होती, डिसेंबर 2010 मध्ये 45 केली. यादीत नाव असताना नियुक्ती न मिळताच 45 पूर्ण झाली तर नाव वगळतात, हेही बरोबर. चूक आहे ती 'नावात बदल होत नाही' या वाक्यात. ते वाक्य त्यांच्या पदरचं नव्हे, तसा शासन निर्णय खरोखरच होता, मे 2015 चा. यादीतला उमेदवार वारला तरच दुसऱ्याचं नाव घ्यायचं, एरवी नाही, असं त्याचं म्हणणं. टेबलावरच्या माणसाने तो एकदा पाठ केला की पुढची पंधरा वर्षं तो तेच सांगतो. मीही सांगायचो.

पण पुढे काय झालं ते ऐक. 2020 मध्ये उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ही बंदी गैरवाजवी ठरवली. तरी कार्यालयं जुनंच धरून बसली, उलटसुलट निकाल येत राहिले, आणि शेवटी प्रश्न तीन न्यायमूर्तींच्या पूर्णपीठापुढे गेला. नागपूरला मे 2024 मध्ये त्या पूर्णपीठाने सांगितलं, की एका वारसाऐवजी त्याच कुटुंबातल्या दुसऱ्या पात्र वारसाचं नाव घ्यायला मनाई करणं समर्थनीय नाही. कारण अगदी साधं आहे. मदत व्यक्तीला द्यायची नसते, कुटुंबाला द्यायची असते. यादीतल्या बाईचं वय झालं म्हणून त्या घराची चूल काही आपोआप पेटत नाही. त्यानंतर 17 जुलै 2025 ला सामान्य प्रशासन विभागाने अनुकंपाचं सुधारित धोरण काढलं. शासनाच्या संकेतस्थळावरून त्याची प्रत काढ. झेरॉक्सवाल्याकडे जाऊन अख्खा निर्णय छापून घे आणि अर्जाला जोड. कार्यालयात तोंडी कायदा सांगणाऱ्याला कुणी विचारत नाही. हातात शासन निर्णयाची प्रत आणि तिच्यावर पेन्सिलने केलेली खूण असली की खुर्ची पुढे सरकवतात.

आता तुझ्या लग्नाचं. तुझे चुलते जे बोलतायत ते एके काळी सरकारचंच धोरण होतं, त्यामुळे त्यांना फार दोष देऊ नकोस. जुन्या यादीत 'अविवाहित मुलगी' असाच शब्द होता. मुलाचं लग्न झालं तरी तो मुलगाच राहायचा, मुलीचं झालं की ती वारसातून बाद. 2011 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका प्रकरणात हा भेद मोडीत काढला. फेब्रुवारी 2013 मध्ये सरकारने दार थोडं किलकिलं केलं, म्हणजे ती एकुलती एक असेल किंवा घर तिच्यावरच अवलंबून असेल तरच विवाहित मुलगी चालेल, असं. नोव्हेंबर 2016 मध्ये ती अटही गेली. 21 सप्टेंबर 2017 ला सगळे शासन निर्णय एकत्र करून जे संकलन निघालं, त्यात स्पष्ट लिहिलंय: मुलगा अथवा मुलगी, अविवाहित अथवा विवाहित. तेव्हा लग्न झालं म्हणून तू बाद होत नाहीस. चुलत्यांना तो परिच्छेद दाखव, मोठ्याने वाचून मात्र दाखवू नकोस.

त्याच यादीत बाकी कोण आहे ते सांगतो, कारण दर महिन्याला कुणी ना कुणी विचारतंच. पती किंवा पत्नी. मुलगा नसेल किंवा पात्र नसेल तर सून. घटस्फोटित, परित्यक्ता किंवा विधवा मुलगी अथवा बहीण. कर्मचारी अविवाहित असताना गेला असेल तरच त्याच्यावर सर्वस्वी अवलंबून असलेला भाऊ किंवा बहीण. पुतण्या यात कुठेच नाही. तुझे वडील विवाहित होते, त्यामुळे खुद्द चुलतेही यात नाहीत. म्हणजे या प्रकरणात त्यांची ना-हरकत लागत नाही, सही लागत नाही, काहीच लागत नाही. घरातला मोठा माणूस म्हणून चहा द्यायचा तो द्या.

आणि दत्तकाची ती कल्पना! मी नोकरीत असताना ही युक्ती तीनदा तरी पाहिली आहे. योजनेत दत्तक मुलगा-मुलगी चालतात, पण कर्मचाऱ्याच्या मृत्यूपूर्वी कायदेशीररीत्या दत्तक घेतलेले. माणूस गेल्यावर नोकरीसाठी घेतलेलं दत्तक कुणी मोजत नाही. शिवाय 1956 च्या हिंदू दत्तक कायद्याप्रमाणे ज्याला स्वतःचा मुलगा हयात आहे त्याला दुसरा मुलगा दत्तक घेता येत नाही, आणि वेगळी रूढी नसेल तर दत्तक जाणारा 15 वर्षांच्या आतला लागतो. तुला सख्खा भाऊ आहे, चुलतभाऊ 23 चा आहे. हा कागद झाला तर तो खोटा कागद होईल आणि तुमचा खरा अर्ज त्याच्या पायात अडकून पडेल. आईला सांग, कुठल्याही स्टॅम्पपेपरवर तू पाहिल्याशिवाय सही करायची नाही. 'वहिनी, इथे एक अंगठा' म्हणणाऱ्यांपासून विधवा बाईला जपावं लागतं, आणि ते बहुतेक वेळा परके नसतात.

आता हिशेबाचं. तुमच्या घरापुढे दोन तारखा आहेत आणि त्या दोन्हींवर सगळं अवलंबून आहे.

पहिली आईची. चार महिने. नाव वगळल्यावर ते परत लावा म्हणून भांडण्यापेक्षा, नाव यादीत असतानाच 'माझ्याऐवजी हिचं घ्या' म्हणणं कितीतरी सोपं. वगळलेल्या नावाची फाइल दप्तरात जाते. दप्तरात गेलेली फाइल वर काढायची म्हणजे काय, ते ज्याने काढली त्यालाच माहीत.

दुसरी तारीख तुझ्या भावाची. वडील गेले तेव्हा तो अज्ञान होता. अज्ञान वारसाला सज्ञान झाल्यापासून एक वर्षाच्या आत स्वतःचा अर्ज करता येतो, असं 2017 च्या संकलनात आहे. मुदतीची कलमं नव्या धोरणातही नीट वाच, पण तू मनाशी एक वर्षच धरून चाल. त्याचे सात महिने गेले, पाच उरले. तुझं मात्र वेगळं आहे. तू तेव्हाही सज्ञान होतीस, वडील जाऊन चार वर्षं होत आली. तू आज नव्याने अर्ज टाकलास तर विलंबाचा मुद्दा निघेलच. तुझ्यासाठी दार एकच, आईच्या जागी नाव. भावाला दोन दारं आहेत, आईच्या जागी किंवा स्वतःच्या सज्ञानतेवर.

म्हणून म्हणतो, कुणाचं नाव हे तुम्ही तिघांनी याच आठवड्यात ठरवा. एका घरातून दोन अर्ज टाकू नका. मला माहीत आहे, कुणीतरी सांगेल की दोन्ही टाका, जो लागेल तो लागेल. तसं केलंत की टेबलावरचा माणूस पहिली त्रुटी काढेल: 'कुटुंबीयांत एकमत नाही.' आणि ते पत्र तुमच्या घरी पोचेपर्यंत दोन्ही तारखा उलटलेल्या असतील.

कुणाचं नाव, यावर माझं मत विचारलं नाहीस, पण मी देणार. चुलते 'हक्क' म्हणतात, सासूबाईंच्या मनात पगार आहे, आणि तूही मूळ पत्रात दोनदा 'माझा अधिकार' असं लिहिलंयस. अनुकंपाची नोकरी वारसाहक्काने येत नाही. 1994 साली सर्वोच्च न्यायालयाने हरियाणातल्या एका प्रकरणात हे सांगितलं आणि तेव्हापासून प्रत्येक निकालात तेच येतं: कमावता माणूस अचानक गेल्यावर घर उघड्यावर पडू नये एवढाच हेतू, ही नोकरभरतीची दुसरी वाट नव्हे. पडवीला वासा मोडल्यावर आपण तात्पुरता टेकू लावतो ना, तसं. टेकू कुणाच्या नावाचा हे कुणी विचारत नाही, भार कोण घेईल ते बघतात. तुमच्या घरात भार कोण घेईल?

भाऊ 18 चा आहे. हाताला काम शिकलाय. आयटीआयवाल्याला पुढे शिकाऊ उमेदवारी मिळेल, महावितरण, एसटी, कारखाने, बऱ्याच ठिकाणी भरती निघते. आज तो गट-ड मध्ये चिकटला तर घर चालेल, पण एकदा नियुक्ती स्वीकारली की कुटुंबाचा अनुकंपाचा दावा तिथे संपतो. नंतर 'मला शिक्षणाप्रमाणे वरचं पद द्या' असं म्हणता येत नाही. तू पदवीधर आहेस, टायपिंग झालंय, म्हणजे गट-क च्या लिपिक पदाची अर्हता तुझ्याकडे आजच आहे. अर्जात शिक्षण पूर्ण लिही आणि अर्हतेप्रमाणे गट-क साठी विचार व्हावा, तो शक्य नसल्यास गट-ड मान्य आहे, असं स्वच्छ नमूद कर. माझ्या हिशेबाने नाव तुझं लागावं. पण एका अटीवर, आणि ती अट सरकारचीही आहे.

ती म्हणजे सांभाळाचं प्रतिज्ञापत्र. ज्याला नोकरी मिळते त्याने दिवंगत कर्मचाऱ्याच्या इतर अवलंबितांचा सांभाळ करीन असं लिहून द्यायचं असतं. तुझ्या बाबतीत नवऱ्याचंही प्रतिज्ञापत्र मागतील, तेव्हा तेही तयार ठेव. लोक या कागदावर इतर चार कागदांबरोबर सही करून मोकळे होतात. तू तसं करू नकोस. नवऱ्याला समोर बसव, कागद वाचून दाखव आणि आकडा ठरव. महिन्याला आईकडे किती जाणार, भावाचं लग्न होईपर्यंत की आई आहे तोवर, आजारपण कुणाकडे. सासूबाईंच्या प्रश्नाचं उत्तर त्या कागदातच आहे. पगार तुझ्या खात्यात येणार, आणि त्यातला एक वाटा आधीच माहेरचा आहे, म्हणूनच ही नोकरी तुला मिळतेय. त्यांना हे आज कडू लागेल. नोकरी लागल्यावर सहा महिन्यांनी कळलं तर कुठल्या कुठे जाईल. आणि नवरा हे ऐकून गप्प बसला, मान खाली घातली, बोटांनी चटईच्या काड्या उपसायला लागला, तर भावाचंच नाव दे. हे मी कायद्याच्या आधाराने नाही सांगत, टेबलाच्या अलीकडून जे पाहिलं त्यावरून सांगतो.

अर्ज कसा लिहायचा ते आता. अर्ज दोघींचा हवा: आईने लिहायचं की माझ्याऐवजी मुलीचं नाव घ्यावं, आणि तू लिहायचं की मी तयार आहे. भावाने ना-हरकत द्यायची, तीही साध्या कागदावर नको, शपथपत्रावर. विषयात यादीतला आईचा अनुक्रमांक आणि मूळ अर्जाची तारीख घाल. आतला मजकूर असा चालेल: 'माझे पती दिवंगत अमुक हे आपल्या कार्यालयात कालवा निरीक्षक या पदावर कार्यरत असताना दि. अमुक रोजी मृत्यू पावले. माझे नाव प्रतीक्षासूचीत अ. क्र. अमुक वर आहे. मला दि. अमुक रोजी 45 वर्षे पूर्ण होत असल्याने माझ्याऐवजी माझी मुलगी हिचे नाव माझ्या मूळ ज्येष्ठता दिनांकासह समाविष्ट करावे, ही विनंती.' 'मूळ ज्येष्ठता दिनांकासह', म्हणजे यादीतल्या आईच्याच तारखेसह, हे शब्द गाळू नकोस. ते तुम्ही मागितलेच नाहीत तर कुणी आपणहून देणार नाही. सोबत मृत्यूचा दाखला, वारस प्रमाणपत्र, सेवापुस्तकातल्या कुटुंबाच्या तपशिलाची प्रत, तुझे शिक्षणाचे दाखले, लग्नाचा दाखला (नाव बदललं असेल तर राजपत्राची प्रत) आणि लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापन. हे शेवटचं अनेकांच्या लक्षात नसतं. 31 डिसेंबर 2001 नंतर ज्या कर्मचाऱ्याला तिसरं अपत्य झालं त्याचं कुटुंब या योजनेतून बाद होतं. तुम्ही दोघंच भावंडं, त्यामुळे तो प्रश्न नाही, पण कागद द्यावा लागतोच.

यात सगळ्यात महत्त्वाचा कागद तुमचा नाहीच, तो कार्यालयाने द्यायचा. पोच. आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का असलेली दुसरी प्रत.

याविषयी एक गोष्ट सांगतो, माझीच आहे. कार्यालय कुठलं ते राहू दे. एक बाई यायच्या, शिपायाच्या विधवा. खताच्या रिकाम्या पिशवीत कागद गुंडाळून आणायच्या. पोरगं 18 चं झालं तेव्हा अर्ज घेऊन आल्या. मार्चअखेर होता, माझ्या टेबलावर बिलांचा ढीग. मी म्हणालो, 'ठेवा इथे, बघतो, पुढच्या महिन्यात या.' त्यांनी ठेवला. आवकला नोंदवायला मी सांगितलं नाही, त्यांना माहीत नव्हतं. माझी बदली झाली. दीड वर्षाने त्या मला नव्या कार्यालयाच्या फाटकाशी शोधत आल्या, जुन्या कार्यालयात माझ्या जागी आलेल्याने सांगितलं होतं की असा अर्जच आलेला नाही. तो खरं बोलत होता. अर्ज कुठल्या तरी कपाटात बिलांच्या गठ्ठ्याखाली असेल, पण कार्यालयात तो आलाच नव्हता, कारण त्याच्यावर क्रमांक नव्हता. मी लेखी दिलं, माझ्याकडे अर्ज आला होता म्हणून. मुदतीचा प्रश्न तरी निघालाच. शेवटी त्या मुलाचं काय झालं ते मी इथे लिहीत नाही. पिशवीवरचा तो युरियाचा हिरवा ठसा मला अजून दिसतो.

तेव्हा कुणी 'ठेवा इथे' म्हणालं की तू म्हण, 'आवकला देऊन येते, साहेब.' तिथे घेत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठव, पोचपावतीसह, आणि ती पावती वडिलांच्या फोटोमागे ठेव. एक महिना वाट बघ. उत्तर नाही आलं तर माहितीच्या अधिकारात साधा अर्ज: माझ्या आवक क्रमांक अमुकच्या अर्जावर आजपर्यंत काय कार्यवाही झाली, टिप्पणीची प्रत द्यावी. 30 दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. माहिती मागितली म्हणून राग धरतील अशी भीती बाळगू नकोस. माझ्या अनुभवात अशा अर्जानंतर फाइल हलते, कारण टिप्पणी नसेल तर ती आधी लिहावी लागते.

आणि नकार आला तर लेखी घे. तोंडी नकार म्हणजे नकार नव्हे. लेखी नकारावर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जाता येतं, म्हणजे मॅटमध्ये. तुझ्यासाठी छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. मुदत नकारापासून एक वर्ष. वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, बाईला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, 1987 चा कायदा तसा आहे. हे पत्र वाचणाऱ्यांत कुणाचे वडील जिल्हा परिषदेत असतील तर मॅट त्यांच्यासाठी नाही, त्यांना उच्च न्यायालयातच जावं लागतं. या एका चुकीत मी दोन घरांचं वर्ष वाया गेलेलं पाहिलंय. सफाई कामगारांच्या घरच्यांनी तर हा सगळा मजकूर बाजूला ठेवावा, त्यांची लाड-पागे समितीची वारसा पद्धत वेगळी आहे, तिथे निवृत्तीनंतरही वारसाला नोकरी मिळते. त्यावर पुन्हा कधीतरी.

अजून एक. तालुक्याला चहाच्या टपरीवर एखादा माणूस भेटेल, पांढरा शर्ट, हातात दोन मोबाइल. 'यादीत नंबर वर आणून देतो, एवढे-एवढे लागतील.' नंबर अर्जाच्या तारखेवर ठरतो, वर आणायला तो काही विहिरीतला बादलीचा दोर नव्हे. ऑक्टोबर 2025 मध्ये राज्यात एकाच दिवशी पाच हजारांच्या आसपास अनुकंपा उमेदवारांना नियुक्तीपत्रं मिळाली. त्या मोहिमेनंतर ही माणसं जास्तच दिसायला लागली आहेत, ज्यांचा नंबर आपोआप लागला त्यांच्याकडूनही पैसे घेतात. सरळ भरतीच्या रिक्त जागांपैकी ठरावीक टक्केच अनुकंपासाठी असतात, 2005 मध्ये 5 टक्के होते, 2014 ला 10 केले, पुढे आणखी वाढवले. यादी हलते ती या टक्क्यांवर आणि रिक्त पदांवर, टपरीवाल्यावर नाही.

शेवटी तुझ्या पत्रातल्या एका ओळीवर अडकलोय. 'आईला चार महिन्यांनी 45 पूर्ण होतात.' हे कशावरून? आधारवरून लिहिलं असशील तर थांब. त्या पिढीतल्या बायांच्या आधारवर एक जानेवारी नाहीतर एक जून असतं, शाळेच्या दाखल्यावर वेगळंच. कार्यालयाच्या यादीत आईची कोणती जन्मतारीख पडलीय ते आधी बघ. मूळ अर्जाला जो दाखला जोडला असेल तीच पडली असणार. एखाद वेळेस चार महिने सात निघतील, एखाद वेळेस एकच. नाव खात्याच्या यादीत आहे की जिल्हाधिकाऱ्यांकडच्या सामायिक यादीतही, तेही त्याच फेरीत विचार. सोमवारी जा, दुपारच्या सुट्टीच्या आधी, आईला बरोबर घेऊन. आणि आवक क्रमांक मिळाला की मला दोन ओळींचं कार्ड टाक.